उलटी गल्ली, दोन चौकटी: एका अंधाऱ्या खोलीतल्या मांडणीचं प्रकरण

पार्श्वभूमी

कौलाच्या फटीतून जमिनीवर पडणारा कवडसा गोल असतो, फट कितीही वेडीवाकडी असली तरी. तो फटीचा आकार नसतोच, ती सूर्याची प्रतिमा असते. याच नियमाने अंधाऱ्या खोलीत एका छिद्रातून समोरचा अख्खा रस्ता उलटा उमटतो. अकराव्या शतकात अरब शास्त्रज्ञ इब्न अल-हैथमने ग्रहणाच्या वेळचे कवडसे अभ्यासून यामागची भूमिती मांडली. अमेरिकन कलाकार झोई लेनर्ड यांनी 2014 मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिटनी संग्रहालयातल्या एका खोलीत भिंग बसवून बाहेरचा रस्ता आत आणला. मुंबईतल्या चित्रकारांचं फिल्मशी असलेलं नातंही जुनं आहे. अकबर पदमसी यांनी 1969 मध्ये व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप सुरू केलं आणि नलिनी मलानींसारख्या तरुण चित्रकर्तीला तिथे कॅमेरा हाताळता आला.

या प्रकरणातली चित्रकर्ती फिल्म आणि मांडणी (इन्स्टॉलेशन) या दोन्हींत काम करते. तिची, जागेची आणि संयोजकांची ओळख पटू नये म्हणून नावं गाळली आहेत. दक्षिण मुंबईतल्या एका जुन्या इमारतीच्या पहिल्या मजल्यावर उत्तरेकडे एकच खिडकी असलेली खोली मिळाली. समोरची इमारत भिंगापासून 20 मीटरवर. कल्पना अशी: खोलीत शेजारी शेजारी दोन चौकटी. एकीत भिंगातून आलेलं समोरच्या इमारतीचं त्या क्षणाचं उलटं दृश्य, दुसरीत त्याच खिडकीतून जानेवारीत चित्रित केलेली 16 मिमीची फिल्म, तीही उलटीच. कुठली चौकट आत्ताची आणि कुठली तेव्हाची, हे कुठेही लिहायचं नाही. प्रेक्षकाने बघत राहायचं आणि स्वतः ठरवायचं.

प्रदर्शन जानेवारीअखेरीस ठरलं होतं. जागेच्या वायरिंगचं काम लांबलं आणि तारखा सरकून 2 मे ते 20 जून झाल्या. ही नुसती वेळापत्रकाची बाब आहे असं तेव्हा सगळ्यांना वाटलं. पुढच्या बहुतेक अडचणी त्या एका बदलातून आल्या.

अडचण

पहिली अडचण उजेडाच्या प्रमाणाची. पहिल्या चाचणीत साधं छिद्र वापरलं होतं. 4 मीटरवरच्या भिंतीवर सर्वांत रेखीव प्रतिमा हवी तर छिद्राचा व्यास साधारण 2.8 मिमी लागतो, पण एवढ्याशा भोकातून येणारा उजेड चांदण्यापेक्षाही कमी. डोळे पूर्ण सरावले तरी फक्त आकाशाची कडा कळत होती. शेजारी 16 मिमीचा प्रोजेक्टर लावला की 24 व्होल्ट, 250 वॉटचा दिवा चौकटीवर शेकडो लक्स (उजेड मोजायचं एकक) ओततो. एक चौकट भगभगीत, दुसरी काळीठिक्कर. ‘यातली खरी कुठली’ हा प्रश्न उभाच राहत नाही.

दुसरी अडचण दिशेची. जिवंत दृश्य उलटं येतं म्हणून फिल्म चित्रित करताना कॅमेरा उलटा बांधला होता. तपासणीत दिसलं की दोन्ही चौकटींत इमारत उलटी आहे, पण एकीत सायकलवाला उजवीकडून डावीकडे जातो आणि दुसरीत डावीकडून उजवीकडे. चौकटी अर्धपारदर्शक आहेत आणि प्रेक्षक त्यांच्या मागून, म्हणजे खिडकीकडे तोंड करून बघतो. भिंगाची प्रतिमा मागून पाहिली की ती 180 अंशांत फिरलेली दिसते. उलट्या कॅमेऱ्याची फिल्म समोरून पाहिली तर तशीच फिरलेली असते, पण मागून पाहताना आरशातल्यासारखी डावी-उजवी पालटते. कागदावर दोन बाण काढून पाहिले असते तर प्रिंट मागवण्याआधीच हे कळलं असतं.

तिसरी अडचण माणसांची. समोरच्या भिंतीचा जेमतेम 9 मीटर रुंद भाग चौकटीत येत होता, पण त्यात तीन कुटुंबांच्या खिडक्या होत्या. भिंगातली प्रतिमा साठवली जात नाही, फिल्म मात्र साठते.

आणि चौथी अडचण मेमध्ये लक्षात आली: जानेवारीत उन्हात न्हालेली ती भिंत आता दिवसभर सावलीत होती.

पर्याय

उजेडाचं गणित तीन बाजूंनी सोडवता येत होतं. फिल्म मंद करायची, जिवंत प्रतिमा उजळ करायची, किंवा दोन्ही एकाआड एक दाखवायच्या: फिल्ममध्ये मधे मधे काळी पट्टी घालायची आणि तेवढ्या काळात भिंगाचं दृश्य दिसू द्यायचं. तिसरा मार्ग सोपा वाटला आणि त्यावर दोन दिवस गेले. तो फसण्याचं कारण डोळ्यांतच आहे. उजळ फिल्म पाहिलेला डोळा मंद उजेडाला सरावायला काही मिनिटं घेतो, आणि काळी पट्टी तेवढी लांब ठेवली तर माणूस उठून जातो.

जिवंत प्रतिमा उजळ करण्यासाठी भिंग हवं. चष्म्याचं भिंग इथे उत्तम चालतं. दुकानदाराकडून अधिक (+) नंबरचं, न कापलेलं, 65 मिमी व्यासाचं प्लॅस्टिकचं भिंग घ्यावं. चकचकीत कोटिंगची गरज नाही. पाव नंबरच्या भिंगाचं नाभीय अंतर 4 मीटर, म्हणजे मागच्या भिंतीला ते नेमकं बसेल असं वाटतं. पण 4 मीटर हे अनंत अंतरावरच्या वस्तूसाठी. 20 मीटरवरच्या इमारतीची प्रतिमा पाव नंबर 5 मीटरवर जुळवतो, आणि 4 मीटरवरच्या भिंतीवर प्रत्येक बिंदूचा 8 ते 12 मिमीचा ठिपका होतो. अर्धा नंबर तीच प्रतिमा 2.22 मीटरवर जुळवतो. म्हणून भिंतीचा हट्ट सोडून चौकटी पुढे आणायच्या ठरल्या. या निर्णयाने सगळी मांडणी बदलली. चौकट पुढे आली म्हणजे प्रेक्षक तिच्यामागे गेला, त्याची सावली पडणं थांबलं, आणि अंतर कमी झाल्याने प्रतिमा उजळली. 60 मिमी छिद्र ठेवलं तर अंतर भागिले व्यास हे प्रमाण एफ 37 पडतं; हा आकडा जितका लहान तितकी प्रतिमा उजळ. 4 मीटरवरच्या 2.8 मिमी छिद्राचं एफ 1400 च्या पुढे होतं.

फिल्मऐवजी डिजिटल प्रोजेक्टर हा पर्यायही होता: आवाज कमी, झीज नाही, प्रतिमा मेनूतून उलटवता येते. त्याच्या विरोधातलं मुख्य कारण काळ्याचं. डिजिटल प्रोजेक्टर काळं दाखवतानाही थोडा उजेड गळू देतो आणि सरावलेल्या डोळ्याला ती राखाडी झाक पकडता येते. शिवाय चित्रकर्तीचा आग्रह होता की दोन्ही चौकटींत उजेड एखाद्या वस्तूतून गाळूनच यावा, एकीकडे भिंग, दुसरीकडे फिल्म. हा आग्रह कामाच्या गाभ्याशी जोडलेला होता म्हणून मानला गेला. पण उजेड कमी करणारी गाळणी (फिल्टर) लावून डिजिटलची चाचणी न घेताच तो पर्याय बाजूला सारला, ते बरोबर झालं नाही.

दिशेच्या चुकीवर दोन उपाय होते. दुसरी प्रिंट काढून पट्टी गेटमध्ये, म्हणजे फिल्म दिव्यासमोरून सरकते त्या खाचेत, पालथी चालवायची. त्यासाठी दोन्ही कडांना छिद्रं असलेली पट्टी लागते, आणि हाती असलेल्या प्रिंटला एकाच कडेला होती. दुसरा उपाय, वाटेत 45 अंशांत आरसा.

काय केलं

खिडकीपासून 1.1 मीटर आत 12 मिमी प्लायवूडचं पार्टिशन उभं केलं. त्यात दोन भोकं: एकात अर्ध्या नंबरचं भिंग, दुसऱ्यात प्रोजेक्टरसाठी काच. मधल्या पोकळीत प्रोजेक्टर पार्टिशनला समांतर, पेटीत बंद. त्याचा झोत आरशावर आदळून काचेतून चौकटीकडे जातो. आरशाने एकाच वेळी तीन कामं केली. चित्राची दिशा सुधारली, लांबट प्रोजेक्टर अरुंद पोकळीत मावला, आणि लेन्सपासून चौकटीपर्यंतचं अंतर 2.57 मीटर झालं, ज्यावर 25 मिमी लेन्स सुमारे 99 सेंमी रुंद आणि 74 सेंमी उंच चित्र देते. भिंगाच्या चौकटीला काळ्या पुठ्ठ्याने तेवढंच माप दिलं. फिल्म चित्रित करताना झूम 22 मिमीवर ठेवला होता, त्यामुळे खिडक्यांचे आकारही जुळले. आरसा मात्र मुलामा पुढच्या पृष्ठावर असलेलाच हवा. साध्या आरशात काचेच्या पुढच्या पृष्ठावरून दुसरं फिकट चित्र येतं, आणि खिडकीच्या गजांना जुळी रेघ दिसते. तो बोटाने पुसायचा नाही, फुंकणीने धूळ उडवायची.

चौकटींसाठी आधी ट्रेसिंग पेपर ताणला. मेच्या दमट हवेत तो दोन दिवसांत लाटांसारखा फुगला. मग आर्किटेक्ट वापरतात ती मॅट पॉलिस्टर शीट लावली. एकाच थरातून प्रोजेक्टरच्या लेन्सचा तेजस्वी ठिपका मधोमध दिसत होता आणि फिल्म कुठली हे लगेच उघड होत होतं. दोन थर केल्यावर तो विरला. दोन्ही चौकटींना थर सारखेच.

प्रमाण जुळवायला जानेवारीतल्या कोरड्या चाचणीची मापं हाती होती: भर उन्हात समोरच्या पांढऱ्या भिंतीची प्रतिमा सुमारे 6 लक्स, दिव्याचं बटण ‘लो’वर ठेवून फिल्मविना प्रोजेक्टर 280 लक्स. म्हणजे जवळजवळ 47 पट. प्रोजेक्टरच्या हॅलोजन दिव्याचा पिवळेपणा घालवायला लेन्ससमोर निळी गाळणी लावली, तिने उजेड एक तृतीयांशावर आणला, त्यावर 1.2 घनतेची राखाडी गाळणी, म्हणजे सोळावा हिस्सा. दोन्ही मिळून 6 लक्सच्या आसपास. गाळण्या लेन्सच्या पुढे, गेटजवळ नाही; तिथल्या उष्णतेने गाळणीचं जिलेटिन वितळतं. उजेड कमी केल्याचा एक फायदा आधी कुणी धरला नव्हता: मंद प्रकाशात डोळ्याला लुकलुक कमी जाणवते, त्यामुळे शटरची थरथर जवळजवळ नाहीशी झाली. एवढ्या खालच्या उजेडात साध्या लक्समीटरवर विसंबू नये. एकाच कॅमेऱ्याने, तीच सेटिंग्ज ठेवून दोन्ही चौकटींचे फोटो काढायचे आणि ते शेजारी ठेवून पाहायचे.

मांडणी मेमध्ये उभी राहिली आणि ही सगळी मापं निकामी झाली. मुंबईत 15 मेच्या आसपास शून्य सावलीचा दिवस येतो. त्याच्या आधी पंधरवडाभर सूर्य माध्यान्हीला जवळजवळ डोक्यावर असतो आणि दक्षिणेकडे तोंड असलेली भिंत आपल्याच छज्ज्यांच्या सावलीत जाते. नंतर तर तो माध्यान्हीलाही उत्तरेकडे असतो. जिवंत चौकट 6 वरून 1 लक्सच्या खाली घसरली. गाळणी सेन्सर आणि मोटरने आपोआप बदलावी, अशी एक सूचना होती. चाचणीत प्रत्येक ढगासरशी फिल्म टप्प्याटप्प्याने मंद होताना दिसली आणि मोटरची घरघर ऐकू आली, म्हणून ती बाद केली. त्याऐवजी चार खाचांची लाकडी पट्टी केली, तिच्यात वाढत्या घनतेच्या गाळण्या. खोली सांभाळणारा मुलगा दर तासाला, खोली रिकामी असताना, ती सरकवायचा.

ऋतू बदलल्याने आणखी एक गोष्ट घडली. मेच्या संध्याकाळी सूर्य वायव्येकडे झुकतो आणि उत्तरेच्या खिडकीतही तिरकं ऊन शिरतं. साडेपाचच्या सुमारास भिंगातून आलेलं ऊन बाजूच्या काळ्या फेल्टवर एका डागात साकळलं. तिथे हात ठेवला तर चटका बसत होता. भिंगाबाहेर 30 सेंमी लांबीचा काळ्या पुठ्ठ्याचा बोगदा लावून ते बंद केलं. प्लायवूड, फेल्ट आणि भिंग एका खोलीत असतील तर ही तपासणी दिवसाच्या प्रत्येक तासाला करावी. एका दुपारी करून भागत नाही.

फिल्मचा लूप, म्हणजे टोकं जोडून सतत फिरणारी पट्टी, 100 फुटांचा, 24 फ्रेमच्या गतीने 2 मिनिटं 46 सेकंदांचा. दिवसाला सहा तास म्हणजे सुमारे 130 फेऱ्या. चार प्रिंट काढल्या होत्या, प्रत्येकी दहा-बारा दिवस चालवायच्या हिशेबाने. दिवे सहा घेतले, कारण असा दिवा साधारण 50 तास टिकतो. लूपचा जोड अशा जागी केला जिथे गल्ली काही क्षण रिकामी आहे. पोकळीतली उष्णता काढायला 150 मिमी पंखा, आणि त्याच्या नळीला आतून काळ्या केलेल्या दोन वळणांचा आकार, नाहीतर हवेबरोबर उजेडही येतो.

खिडक्यांच्या बाबतीत सोसायटीच्या सेक्रेटरींना भेटून तिन्ही घरांना चाचणी दाखवली. दोन घरांनी होकार दिला, एकाने नाही. ती खालची डावी खिडकी होती, म्हणजे उलट्या चौकटीत वरचा उजवा कोपरा. तो दोन्ही चौकटींत काळ्या पुठ्ठ्याने झाकला. होकार दिलेल्या घरांकडूनही लेखी घेतलं, कारण फिल्म पुढे दुसऱ्या शहरात जाणार होती.

प्रवेशाची वाट दोन वळणांची, आत बाक आणि मंद लाल दिवा. लाल उजेडात डोळ्याचं सरावणं फारसं मोडत नाही. एका वेळी सहा जण, पाच मिनिटं बाकावर, मग पाच मिनिटं चौकटींपुढे. बाहेर जायचा हिरवा फलक झाकण्याची सूचना आली होती, ती योग्य कारणाने नाकारली. फलक वळणापलीकडे हलवला, दिसता राहील असा, फक्त चौकटींवर उजेड न टाकणारा.

निष्पत्ती

उद्घाटनाच्या संध्याकाळी गर्दी पाहून संयोजकांनी सहा जणांचा नियम सोडला. लोक बाकावर न थांबता आत येत, मोबाइल काढत, दोन काळपट चौकटी पाहून बाहेर पडत. सूर्य मावळल्यावर तर एक चौकट जवळजवळ बंदच होती. या कामाचं उद्घाटन संध्याकाळी ठेवणं हीच चूक होती. दुसऱ्या दिवसापासून नियम परत लागू झाला आणि वेळ सकाळी 11 ते संध्याकाळी 5 अशी बांधली.

एकोणिसाव्या दिवशी दुपारी लूपचा जोड सुटला. टेपचा गोंद उष्णतेने सरकला होता. ही प्रिंट पॉलिस्टरची. असिटेट या दुसऱ्या प्रकारच्या प्लॅस्टिकची पट्टी ताण आला की तुटते आणि नुकसान तिथेच थांबतं, पॉलिस्टर तुटत नाही. ती प्रोजेक्टरभोवती गुंडाळत गेली आणि लूपरचा (लूप फिरवणाऱ्या सांगाड्याचा) एक दांडा वाकवूनच थांबली. खोली दीड दिवस बंद राहिली. त्यानंतर जोड दर सोमवारी, सुट्टीच्या दिवशी, नवा करायचा ठरला, आणि लूपरच्या सैल भागावर ताण पडताच मोटर बंद करणारं छोटं बटण बसवलं.

सर्वांत महत्त्वाचा निर्णय जूनच्या दुसऱ्या आठवड्यात आला. पाऊस सुरू झाला आणि जिवंत चौकट पाव लक्सवर गेली. तंत्रज्ञाने चौथ्या खाचेवर गाळणी नेली, प्रमाण जुळलं. पण दोन्ही चौकटी इतक्या अंधुक झाल्या की प्रेक्षकांना वेळ देऊनही रंग कळेनात. तेवढ्यात सांभाळणाऱ्या मुलाने एक निरीक्षण सांगितलं: तो गाळणी बदलायला विसरला होता त्या तासात बहुतेक लोक उजळ चौकटीलाच, म्हणजे जानेवारीच्या फिल्मला, ‘आत्ताची’ समजत होते. बाहेर पाऊस पडतोय हे ठाऊक असून, ओल्या छत्र्या दारात ठेवून आत आलेली माणसं कोरड्या उन्हाला खरं मानत होती. चित्रकर्तीने प्रमाण जुळवणं थांबवायला सांगितलं. उरलेले दिवस गाळणी दुसऱ्या खाचेवरच राहिली आणि फिल्म जिवंत दृश्यापेक्षा दुप्पट-तिप्पट उजळ दिसत राहिली. तंत्रज्ञांचा याला विरोध होता आणि त्यांची बाजू पोकळ नव्हती: समान उजेड ही कामाची मूळ अट होती. तरी हा निर्णय योग्य ठरला असं वाटतं, कारण समानतेचा हेतू प्रेक्षकाला गोंधळात ठेवणं हा होता, आणि तो हेतू असमान उजेडाने जास्त साधत होता.

फसल्या नाहीत त्या समोरच्या इमारतीतल्या एक काकू. त्या आल्या, बाकावर पूर्ण पाच मिनिटं बसल्या, आणि चौकटींपुढे येताच फिल्मकडे बोट करून म्हणाल्या, “ही जुनी आहे.” चित्रकर्तीने विचारलं, “कशावरून ओळखलंत, काकू?” “अगं, दोरीवर तो निळा गाउन वाळतोय ना, तो मी शिमग्यालाच फाडला, फडक्यांसाठी.” उलट्या चौकटीत गाउन दोरीपासून वरच्या दिशेने लोंबत होता आणि वाऱ्याने फुगत होता.

वेगळं काय करता आलं असतं

तारखा बदलल्या त्या दिवशीच समोरच्या भिंतीवर मे-जूनमध्ये ऊन कधी येतं, हे पाहायला हवं होतं. मोबाइलवरच्या सूर्यमार्ग दाखवणाऱ्या अ‍ॅपवर हे दहा मिनिटांचं काम आहे. मुंबईच्या अक्षांशावर उत्तरेकडे बघणारी खिडकी नोव्हेंबर ते फेब्रुवारीत उत्तम, कारण समोरच्या भिंतीवर दिवसभर दक्षिणेचं ऊन असतं. मे ते जुलैत पूर्वेकडे बघणारी खिडकी घ्यावी आणि खोली दुपारनंतर उघडावी, म्हणजे समोर पश्चिमेकडून उजळलेली भिंत मिळते. पावसाळ्यात मात्र कुठलीही दिशा घेतली तरी खात्री नाही.

प्रिंट मागवण्याआधी मोबाइलवर एक मिनिटाचं चित्रण करून, ते उलटवून, त्याच शीटवर मागून पाहायचं. दिशेची चूक तिथेच पकडता येते. डिजिटल प्रोजेक्टरची गाळणीसकट चाचणी घ्यायची, निदान मोडतोडीच्या दिवसांसाठी राखीव म्हणून. ते दीड दिवस खोली बंद ठेवावी लागली नसती. राखीव लूपर नसेल तर राखीव दांडे तरी ठेवायचे.

शेजाऱ्यांची परवानगी चित्रीकरणाआधी घ्यायला हवी होती. इथे ती नंतर घेतली, आणि एक कोपरा कायमचा काळा झाला. तो पुठ्ठा आता कामाचाच भाग आहे; दुसऱ्या शहरात मांडताना जिवंत चौकटीतही तोच वरचा उजवा कोपरा झाकायचा, तिथे कुणाची खिडकी असो वा नसो, असं चित्रकर्तीने सूचनापत्रात लिहिलं आहे. त्याच पत्रात पुढच्या मांडणीसाठी भिंगाचा नंबर दिलेला नाही. फक्त पद्धत आहे: समोरच्या भिंतीचं अंतर मीटरमध्ये मोजा, 1 ला त्याने भागा, 1 ला भिंगापासून चौकटीच्या अंतराने भागा, दोन्हींची बेरीज म्हणजे नंबर, तो पाव-पावच्या पटीत बसत नसेल तर भिंग बदलू नका, चौकट सरकवा.